सात समुद्रांवर निघण्याआधी

आधी नकाशा ठरवा. गलबत, माणसं, शिधा हे सगळं नंतर, कारण पुराणांतल्या सात समुद्रांचा क्रम सगळीकडे सारखा नाही. विष्णुपुराण धरलंत तर खारं पाणी, उसाचा रस, मद्य, तूप, दही, दूध आणि शेवटी गोडं पाणी. भागवतात दूध आधी आणि दही मागून. भास्कराचार्यांनी ११५० मध्ये ‘सिद्धान्तशिरोमणी’त खाऱ्या समुद्राला लागूनच दुधाचा समुद्र ठेवला, मग दही, तूप, उसाचा रस, मद्य. दूध-दही-तूप हा घरातला क्रम असल्यामुळे मला तोच पटतो, आणि त्यांच्या नातवाचा शिलालेख चाळीसगावजवळ पाटण्याला असल्याने थोडा आपलेपणाही आहेच.

पण खरा फरक अंतराचा आहे. भास्कराचार्यांच्या पृथ्वीचा परिघच ४९६७ योजनं (योजन म्हणजे अंतराचं जुनं माप). विष्णुपुराणात नुसतं जंबुद्वीप, म्हणजे आपण राहतो ते मधलं द्वीप, एक लाख योजनं रुंद, पुढचं प्रत्येक द्वीप आधीच्याच्या दुप्पट, आणि भोवतीचा समुद्र त्या त्या द्वीपाएवढा. बेरीज करा: आपल्या किनाऱ्यापासून गोड्या समुद्राच्या पलीकडच्या काठापर्यंत २ कोटी ५३ लाख योजनं होतात. रजा कमी असेल तर भास्कराचार्यांचा नकाशा घ्या. पुढची तयारी विष्णुपुराणाच्या वाटेने जाणाऱ्यांसाठी आहे.

पाण्याची पिंपं भरपूर घ्या, पण सगळी भरून नेऊ नका. गोडा समुद्र सगळ्यात शेवटी असला तरी वाटेतल्या द्वीपांवर प्रत्येकी सात नद्या आहेत. प्लक्षद्वीपावर अनुतप्ता, विपाशा, अमृता वगैरे, शाकद्वीपावर सुकुमारी, नलिनी. शाकद्वीपावर मात्र शेवटचं पिंपसुद्धा भरून घ्या, कारण त्यापुढच्या, शेवटच्या पुष्करद्वीपावर नदी नाही. तिथे जेवण आपोआप समोर येतं, तेही षड्रस, त्यामुळे त्या टप्प्याचा शिधा वगळा. बाकीच्यासाठी तांदूळ, कुळथाचं पीठ, कोकम, सुके बोंबील. औषधांची पेटी लहान चालेल. प्लक्षापासून शाकापर्यंत लोक पाच हजार वर्षं निरोगी जगतात, वैद्याला कामच नाही.

आता गलबत, आणि इथे घाई नको. मालाची खूण (गलबत कुठवर बुडलं तरी चालेल ती रेघ) खाऱ्या पाण्यात बघून गलबत काठोकाठ भरणारा तांडेल तुपात फसणार. समुद्राच्या पाण्याची घनता १.०२५ च्या आसपास, वितळलेल्या तुपाची साधारण ०.९१. म्हणजे तेवढ्याच वजनाला गलबताचा बुडालेला भाग आठव्या हिश्शाने वाढतो. खूण तुपाच्या हिशेबाने मारा. दुधात काळजी नाही, ते खाऱ्या पाण्याएवढंच उचलून धरतं. उसाचा रस तर त्याहून जास्त. तूप थंडीत थिजतं, म्हणून तो टप्पा चैत्र-वैशाखात येईल असं बघा, नाहीतर वल्ही रवाळ तुपात रुतून बसतील. दह्यात सुकाणू जड जातं. तिथे दोन धट्टे खलाशी सुकाणूवर ठेवा आणि फार ढवळू नका.

मद्याच्या समुद्रात चूल बंद, विडी बंद. तिथल्या टप्प्याला न पिणारा सरंग हवा, आणि तो खरंच न पिणारा आहे का हे किनाऱ्यावरच तपासा. उसाच्या रसाचं एवढंच: लवकर आंबतो, डेक धूत राहा.

भरती-ओहोटीसाठी नांगराचा दोर लांब घ्या. पातेल्यातलं पाणी आचेवर फुगावं तसं चंद्र वाढताना समुद्र फुगतो, असं विष्णुपुराण सांगतं आणि आकडाही देतं: ५१० अंगुळं. चोवीस अंगुळांचा एक हात धरला तर एकवीस हातांवर, म्हणजे तीस फुटांच्या पुढे. घाबरू नका. खंबातच्या आखातात उधाणाला पाणी जवळजवळ एवढंच चढतं.

क्षीरसागराची तिथी पंचांगात बघून ठरवा. आषाढ शुद्ध एकादशीपासून कार्तिक शुद्ध एकादशीपर्यंत विष्णू तिथे शेषावर निजलेला असतो. त्या चार महिन्यांत भोंगा वाजवायचा नाही. शक्यतो त्या काळात जाऊच नका. आपल्याकडेही जून-जुलैत मासेमारी बंदच असते.

गोड्या समुद्रापलीकडे सोन्याची जमीन आहे, प्राणी एकही नाही, आणि त्यानंतर दहा हजार योजनं उंच लोकालोक पर्वत. त्याच्या पलीकडे अंधार, तेव्हा यादी तिथे संपते. खलाशी सोनं उचलायला बघतील. प्रत्येकाला वजनाची मर्यादा आधीच लिहून द्या आणि सही घ्या, परतीच्या वाटेवर तुपाचा समुद्र पुन्हा लागतो.