रग्बी लीगमधील फॉरवर्ड आणि कर्णधार : कारकीर्द कशी घडवावी

रग्बी लीगमध्ये प्रत्येक संघाचे तेरा खेळाडू मैदानात असतात आणि त्यांपैकी सहा जण फॉरवर्ड असतात. ८ आणि १० क्रमांकाची जर्सी प्रॉपची, ९ क्रमांकाची हुकरची, ११ आणि १२ क्रमांकाची सेकंड रोची, तर १३ क्रमांकाची लूज फॉरवर्डची, ज्याला ऑस्ट्रेलियात लॉक म्हणतात. चेंडू हाती असलेल्या संघाला सहा टॅकलपर्यंत, म्हणजे चेंडूवाल्याला सहा वेळा पकडून थांबवले जाईपर्यंत, संधी मिळते आणि सहाव्या टॅकलनंतर चेंडू प्रतिस्पर्ध्याकडे जातो. म्हणूनच आपल्या गोलरेषेजवळून संघाला बाहेर काढण्याचे आणि समोरच्याला जागीच रोखून धरण्याचे बरेचसे कष्ट फॉरवर्डच्या वाट्याला येतात. या कष्टांवर ज्याला पोट भरायचे आहे आणि पुढे संघाचे नेतृत्वही करायचे आहे, अशा पंधरा-सोळा वर्षांच्या मुलासाठी हे मार्गदर्शन लिहिले आहे.

सर्वप्रथम आपली जागा प्रामाणिकपणे निवडावी. प्रॉपला वजन आणि ताकद लागते. सेकंड रोला ताकदीबरोबर कडेने पळण्याचा वेग लागतो. लूज फॉरवर्डला पास देण्याची नजर लागते. हुकर तर जवळजवळ प्रत्येक टॅकलनंतर चेंडू उचलतो, त्यामुळे त्याचे हात आणि त्याचा निर्णय दोन्ही झटपट हवेत. शरीर अजून वाढत असताना एकाच जागेला चिकटून राहू नये. अकादमीत जाईपर्यंत दोन जागा तरी खेळता याव्यात, कारण वरिष्ठ संघात पहिली संधी बहुधा राखीव बाकावरूनच मिळते आणि बाकावर बसणाऱ्याला कोणाचीही जागा घ्यावी लागते.

चेंडू घेऊन धावणे ही वरवर साधी वाटणारी गोष्ट बारकाईने शिकावी. पास उभ्या जागी झेलू नये. सहा-सात मीटर मागून वेग घेत यावे आणि चेंडू हातात पडतानाच पाय पूर्ण गतीत असावेत. समोरच्या बचावपटूच्या छातीवर आदळण्याऐवजी दोन बचावपटूंच्या मधल्या फटीकडे, म्हणजे एकाच्या खांद्याच्या बाहेरील बाजूकडे रोख ठेवावा. धडक बसल्यावर पाय थांबवू नयेत, कारण खरे मीटर त्या चार-पाच छोट्या पावलांतच मिळतात. पडताना पाठीवर न पडता पोटावर, कोपरे आणि गुडघे टेकून पडावे, म्हणजे चटकन उठता येते. उठल्यावर समोर तोंड करून चेंडू जमिनीवर ठेवायचा आणि पायाने मागे सरकवायचा, याला प्ले-द-बॉल म्हणतात. ही क्रिया वेगाने झाली, तर नियमाप्रमाणे दहा मीटर मागे सरकण्याच्या धडपडीत असलेला बचाव अजून जागेवर आलेला नसतो आणि पुढच्या साथीदाराला मोकळी जमीन मिळते. प्रेक्षक टाळ्या वाजवतात त्या धडकेला, पण प्रशिक्षक सामन्याचे चित्रण पाहताना उठण्याचा वेग मोजतात.

टॅकलचा सराव नेहमी डोक्यापासून सुरू करावा. डोके समोरच्याच्या शरीराच्या बाजूला राहिले पाहिजे. ते त्याच्या वाटेत आडवे आले, तर त्याचा गुडघा किंवा कंबर थेट डोक्यावर बसते. त्यानंतर पाऊल : ते समोरच्याच्या पावलांच्या शक्य तितके जवळ टाकावे, म्हणजे खांद्यात जोर येतो आणि हात लांबवून पकडण्याची वेळ येत नाही. दमलेला खेळाडू नेमके हेच विसरतो. पाय मागे राहतात, हात वर जातात आणि टॅकल मानेवर बसतो. माझ्या मते फॉरवर्डची सगळी शारीरिक तयारी या एका क्षणासाठी असते. ऐंशी मिनिटांच्या सामन्यात पासष्टाव्या मिनिटालाही पाऊल जवळ पडले पाहिजे. म्हणून टॅकलचा सराव ताज्या दमाने करून भागत नाही. आधी धावून, जमिनीवर पडून-उठून, दम लागल्यावर मग टॅकल करावेत. सांघिक सराव संपल्यावरची ही पंधरा मिनिटे ज्याने वर्षभर दिली, त्याचा फरक हिवाळ्यातल्या चिखलातही दिसतो.

वरची पातळी गाठण्याचे मार्ग ठरलेले आहेत. इंग्लंडमध्ये लँकशायर आणि यॉर्कशायरच्या पट्ट्यातील हौशी क्लबांतून सुपर लीग या तिथल्या सर्वोच्च स्पर्धेतील क्लबांच्या अकादमीत निवड होते. ऑस्ट्रेलियात कनिष्ठ गटांतून न्यू साउथ वेल्स कप किंवा क्वीन्सलँड कप आणि तिथून एनआरएल, म्हणजे तिथली सर्वोच्च व्यावसायिक स्पर्धा, असा प्रवास होतो. या प्रवासात धीर लागतो, कारण फॉरवर्ड उशिरा पिकतो. जेमी पीकॉकने ब्रॅडफर्डकडून पदार्पण केले ते १९९९ मध्ये, वयाच्या एकविसाव्या वर्षी. २००३ मध्ये तो सुपर लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरून ‘मॅन ऑफ स्टील’ झाला आणि २०१५ पर्यंत ब्रॅडफर्ड आणि लीड्स मिळून त्याने नऊ ग्रँड फायनल, म्हणजे विजेता ठरवणारे अंतिम सामने, जिंकल्या. म्हणून अठराव्या वर्षी वरिष्ठ संघात नाव नाही, एवढ्यावरून स्वतःला मोडीत काढू नये.

करारावर सही करण्यापूर्वी तीन गोष्टी लेखी पाहाव्यात : दीर्घ दुखापतीत पगाराचे काय होते, शस्त्रक्रियेचा खर्च कोण करतो आणि मुदतीपूर्वी करार कोणत्या कारणाने संपू शकतो. शिक्षण किंवा हातात एखादा व्यवसाय सोबत चालू ठेवावा.

शिस्तीचा विषय मात्र थोडक्यात आटोपण्यासारखा नाही. २००३ मध्ये विगन येथे ऑस्ट्रेलियाविरुद्धच्या कसोटीत ग्रेट ब्रिटनचा प्रॉप एड्रियन मॉर्ली अवघ्या १२ सेकंदांत उंच टॅकलसाठी मैदानाबाहेर काढला गेला. उरलेला सगळा सामना साथीदारांना बारा जणांनी खेळावा लागला आणि ब्रिटन २२–१८ असे हरले. त्याच मॉर्लीने पुढे वॉरिंग्टनचा कर्णधार म्हणून २००९ आणि २०१० असे लागोपाठ दोन वर्षे चॅलेंज कप ही बाद फेरीची स्पर्धा जिंकून कप उचलला. त्याआधी या क्लबने तो कप १९७४ मध्ये जिंकला होता. मला हे उदाहरण फार मोलाचे वाटते, कारण आक्रमकता न सोडता ती लगामात ठेवणे शिकता येते, हे त्यातून दिसते. पहिल्या टॅकलला मुद्दाम थोडे खाली लक्ष्य धरण्याची सवय लावून घ्यावी.

कर्णधारपद मागून मिळत नाही आणि मिळाल्यावर बोलण्याने टिकत नाही. ड्रेसिंग रूममधील मंडळी पाहत असतात की थकलेल्या साथीदाराच्या वाटची धाव कोण घेतो आणि चूक करणाऱ्याशी दुसऱ्याच क्षणी कोण बोलतो. प्रतिस्पर्ध्याने ट्राय केल्यावर, म्हणजे आपल्या गोलरेषेपलीकडे चेंडू टेकवल्यावर, गोलखांबांखाली सगळे जमतात, तेव्हा कर्णधाराला जेमतेम अर्धा-एक मिनिट मिळते. तेथे कोणाची चूक झाली याची चर्चा नको. पुढील किकऑफ कोण झेलणार, चेंडू घेऊन पहिल्या दोन वेळा कोण धावणार आणि बचावरेषा कोण हाकारणार, एवढे नावे घेऊन सांगावे. धापा टाकणाऱ्या माणसाच्या डोक्यात यापेक्षा जास्त काही शिरत नाही.

पंचांशी बोलण्याचा अधिकार कर्णधाराचा असतो आणि तो जपून वापरावा. खेळ थांबलेला असताना, शांत आवाजात, एकच प्रश्न विचारावा : कोणता खेळाडू चुकतो आहे आणि काय चुकते आहे? उत्तर मिळाले की ते लगेच त्या खेळाडूपर्यंत पोहोचवावे. एनआरएलमध्ये २०२० पासून कर्णधाराला पंचांच्या निर्णयाला आव्हान देता येते आणि ते फेटाळले गेले की तो हक्क संपतो. म्हणून रागाच्या भरात आव्हान देऊ नये. चेंडूला सर्वांत जवळ असलेल्या साथीदाराच्या डोळ्यांत पाहून, त्याची खात्री असेल तरच द्यावे.

पेनल्टी मिळाल्यावरचा निर्णयही कर्णधाराचाच असतो. ट्रायचे चार गुण आणि त्यानंतरच्या किकचे, म्हणजे कन्व्हर्जनचे, दोन, म्हणजे एका फटक्यात सहा गुण मिळतात. दहा मिनिटे उरली आहेत, आघाडी सहाची आहे आणि पेनल्टी खांबांसमोर आहे, अशा वेळी गोलखांबांतून किक मारून दोन गुण घ्यावेत, कारण आठच्या आघाडीसमोर एक ट्राय पुरत नाही. आघाडी दोनचीच असेल आणि समोरचे फॉरवर्ड कमरेवर हात ठेवून उभे असतील, तर चेंडू पायाने हलकेच टॅप करून खेळ पुन्हा सुरू करणे आणि आणखी सहा टॅकल खेळणे अधिक योग्य ठरू शकते. ही परिस्थिती ओळखण्यासाठी कर्णधाराला स्वतः मैदानात असावे लागते आणि प्रॉपची अडचण इथेच आहे : तो बहुधा दोन टप्प्यांत खेळतो आणि मधला वेळ बाकावर असतो. त्यामुळे प्रॉप कर्णधाराने आपल्या अनुपस्थितीतील निर्णय उपकर्णधाराशी आदल्या दिवशीच ठरवून घ्यावेत. हुकर आणि लूज फॉरवर्ड ऐंशी मिनिटे टिकू शकतात, म्हणून त्यांच्याकडे नेतृत्व अनेकदा जाते. एनआरएलमध्ये विक्रमी ४३० सामने खेळलेला मेलबर्नचा कर्णधार कॅमेरॉन स्मिथ हुकरच होता.

डोक्याला मार बसल्यास तो लपवू नये. तपासणीत नापास झालेला खेळाडू त्या सामन्यात परत येत नाही आणि येऊही नये. साथीदार अडखळताना दिसला, तर कर्णधाराने स्वतः हात वर करून डॉक्टरांना बोलवावे. अकादमीतून आलेला मुलगा हे स्वतःहून कधीच सांगणार नाही.

कारकिर्दीचा उत्तरार्ध लांब असू शकतो. आर्थर बीटसन पस्तीस वर्षांचा होता आणि सिडनीच्या पॅरामॅटा क्लबच्या राखीव संघात खेळत होता, तेव्हा ८ जुलै १९८० रोजी ब्रिस्बेनच्या लँग पार्कवर क्वीन्सलँड आणि न्यू साउथ वेल्स यांच्यातील पहिल्या स्टेट ऑफ ओरिजिन सामन्यात त्याने क्वीन्सलँडचे नेतृत्व केले आणि संघाने २०–१० असा विजय मिळवला. पॉल गॅलनने सिडनीच्या क्रोनुला क्लबसाठी पदार्पण केल्यानंतर पंधरा वर्षांनी, २०१६ मध्ये, कर्णधार म्हणून क्लबचे पहिलेवहिले विजेतेपद पाहिले. तिशीनंतर सरावातील धडका कमी कराव्यात, झोप आणि वजन यांची नोंद ठेवावी आणि शेवटच्या हंगामात पंचांशी बोलण्याचे व गोलखांबांखाली सूचना देण्याचे काम काही सामन्यांत पुढच्या कर्णधाराकडे सोपवून आपण त्याच्या शेजारी उभे राहावे.