किरणोत्सवाच्या तारखा आणि रब्बी-उन्हाळी हंगामाचे नियोजन

कोल्हापूरच्या अंबाबाई मंदिरात मावळतीच्या सूर्याची किरणे महाद्वारातून गाभाऱ्यापर्यंत येऊन देवीच्या चरणांपासून मुखापर्यंत चढत जातात, तो किरणोत्सव दरवर्षी ९, १० व ११ नोव्हेंबर आणि ३१ जानेवारी, १ व २ फेब्रुवारी या तारखांना येतो. या तारखा चंद्राच्या तिथीवर नव्हे तर सूर्याच्या स्थानावर ठरलेल्या असल्यामुळे पेरणी-लागणीच्या नियोजनालाही त्यांचा उपयोग होतो. दिवाळीचे तसे नाही. लक्ष्मीपूजन २०२३ मध्ये १२ नोव्हेंबरला, २०२४ मध्ये १ नोव्हेंबरला आणि २०२५ मध्ये २१ ऑक्टोबरला आले. त्यामुळे ‘दिवाळी झाली की पेरू’ हा हिशेब एखाद्या वर्षी तीन आठवड्यांनी चुकतो. जिल्ह्यातील शेतकऱ्यांनी किरणोत्सव ही हंगामाची शेवटची घंटा समजावी, कारण दोन्ही वेळा तो संपल्यावर लागणीची मुदत थोडीच उरलेली असते.

दोन्ही किरणोत्सव २१-२२ डिसेंबरच्या सर्वांत लहान दिवसापासून जवळपास सारख्याच अंतरावर, म्हणजे सुमारे ४१ दिवस आधी आणि तितकेच दिवस नंतर येतात. दोन्ही वेळी सूर्य विषुववृत्ताच्या दक्षिणेस सुमारे १७ अंशांवर असतो आणि दिवसाची लांबीही सारखीच असते. (दिवस संक्रांतीपासून मोठा होऊ लागतो ही समजूत आता खरी ठरत नाही, तो डिसेंबरच्या चौथ्या आठवड्यापासूनच वाढत असतो.) सूर्य सारखाच असला तरी पुढची वाट मात्र उलट असते. नोव्हेंबरात पेरलेले पीक वाढत्या थंडीत शिरते, तर फेब्रुवारीत पेरलेले पीक वाढत्या उन्हात. म्हणून एका किरणोत्सवाला योग्य असणारे पीक दुसऱ्याला चालत नाही.

नोव्हेंबरच्या किरणोत्सवापर्यंत पूर्वहंगामी उसाची लागण उरकलेली असावी, कारण तिची शिफारस १५ ऑक्टोबर ते १५ नोव्हेंबर एवढीच आहे. त्यानंतर महिनाभर लागण केल्यास थंडीमुळे उगवण लांबते व विरळ होते. अशा वेळी घाई न करता १५ डिसेंबरनंतरच्या, ‘सुरू’ नावाच्या ऊस-हंगामाची वाट पाहणे अधिक शहाणपणाचे ठरते. बेणे ९ ते ११ महिने वयाचे, मळ्यातील निरोगी उसाचे घ्यावे. खोडव्याचे (तोडलेल्या उसाच्या बुडख्यांतून पुन्हा फुटलेल्या उसाचे) बेणे फुकट मिळाले तरी वापरू नये. बुरशीनाशक व कीटकनाशकाची प्रक्रिया आधी करावी, टिपरी (बेण्याचे तुकडे) सुकू द्यावीत आणि मग १०० लिटर पाण्यात १० किलो ॲसिटोबॅक्टर (नत्र मिळवून देणारे जिवाणू) व सव्वा किलो स्फुरद विरघळवणारे जिवाणू मिसळून त्यात ती ३० मिनिटे बुडवावीत. हा क्रम उलटा केल्यास औषधाने जिवाणू मरतात. पूर्वहंगामी उसाला हेक्टरी ३४० किलो नत्र, १७० किलो स्फुरद व १७० किलो पालाश लागते. नत्रापैकी १० टक्के लागणीला, ४० टक्के सहा ते आठ आठवड्यांनी, १० टक्के बारा ते चौदा आठवड्यांनी आणि उरलेले ४० टक्के मोठ्या बांधणीला (बुंध्याला मातीची भर देताना) द्यावे. स्फुरद व पालाश मात्र निम्मे लागणीला आणि निम्मे बांधणीला द्यावे.

बागायती गव्हाची वेळेवर पेरणीही १५ नोव्हेंबरपर्यंतच धरली जाते. भात काढून मोकळ्या झालेल्या रानात वाफसा (पेरणीजोगी ओल) येण्यास उशीर झाला, तर पेरणी डिसेंबरच्या मध्यापर्यंत करता येते. मात्र दाणे भरताना मार्चचे ऊन लागून ते बारीक राहतात. वेळेवर पेरणीसाठी हेक्टरी १०० ते १२५ किलो, तर उशिराच्या पेरणीसाठी १२५ ते १५० किलो बियाणे वापरावे. पहिले पाणी मुकुटमुळे फुटण्याच्या वेळी, म्हणजे पेरणीनंतर १८ ते २१ दिवसांनी, चुकवू नये. शाळूची (रब्बी ज्वारीची) वेळ ऑक्टोबरच्या मध्यालाच संपलेली असते. त्या रानात आता शाळू पेरण्याचा मोह टाळावा.

ढगाळ हवेमुळे काही वर्षी किरणे देवीच्या मुखापर्यंत पोहोचत नाहीत. त्यावरून पीक-पाण्याचे भाकीत करण्याचे कारण नाही, कारण किरणांच्या वाटेवरील इमारतींमुळेही अडथळा येतो. मात्र ढगाळ हवा टिकून राहिल्यास हरभऱ्यावर घाटेअळी वाढते, हे खरे आहे. म्हणून त्या आठवड्यात तूर व हरभऱ्याची पाहणी करावी, तसेच कापलेले भात उघड्यावर पसरून ठेवू नये.

फेब्रुवारीच्या किरणोत्सवानंतर सर्वांत मोलाचे काम उन्हाळी भुईमुगाचे असते. पेरणी १५ जानेवारी ते १५ फेब्रुवारी या काळात करावी आणि रात्रीचे तापमान १८ अंशांच्या वर टिकू लागल्याची खात्री करावी, अन्यथा बी जमिनीत कुजते. त्याचबरोबर उशीरही परवडत नाही. एसबी ११ सारखे वाण ११५ ते १२० दिवसांत तयार होते. २ फेब्रुवारीला पेरलेल्या शेंगा मेअखेर निघतात, तर १५ फेब्रुवारीच्या शेंगा मृगाच्या पावसात भिजण्याची शक्यता असते. बियाण्यास किलोमागे ५ ग्रॅम ट्रायकोडर्मा (उपयोगी बुरशी) आणि २५ ग्रॅम रायझोबियम (नत्र मिळवून देणारे जिवाणू) चोळावे. हेक्टरी ४०० किलो जिप्समपैकी निम्मे पेरणीला आणि निम्मे आऱ्या (फुलातून जमिनीत शिरणारे, शेंग धरणारे देठ) सुटताना द्यावे. ही दुसरी मात्रा सहसा टाळली जाते आणि मग शेंगा पोचट निघतात.

सुरू उसाची लागणही १५ फेब्रुवारीला थांबवावी. उशिराची लागण फुटव्याच्या अवस्थेत उन्हात सापडते, खोडकिडीला बळी पडते आणि पावसाळ्यापर्यंत तिची जोमदार वाढ होत नाही. सुरूसाठी हेक्टरी २५० किलो नत्र व प्रत्येकी ११५ किलो स्फुरद आणि पालाश पुरेसे होते.

१५ फेब्रुवारीनंतर तुटलेल्या उसाचा खोडवा ठेवू नये. आधी तुटलेल्या खोडव्यात पाचट पेटवू नये. ते सरीत पसरून त्यावर हेक्टरी ८० किलो युरिया, १०० किलो सिंगल सुपर फॉस्फेट आणि पाचट कुजवणारे १० किलो जिवाणू शेणखतातून टाकावेत, बुडखे जमिनीलगत छाटून त्यावर बुरशीनाशक फवारावे आणि लगेच पाणी द्यावे.