ॲप डिलीट केलं तरी पैसे कापले जातायत? ऑटोपे असं बंद करा

सगळ्यात आधी एक गोष्ट डोक्यात पक्की करा, फोनमधून ॲप काढून टाकलं म्हणजे सबस्क्रिप्शन बंद झालं असं अजिबात नसतं. आयकॉन गेला, पण खात्यातून पैसे काढून घ्यायची जी परवानगी तुम्ही दिली होती ती तशीच शिल्लक राहते, कारण ती फोनमध्ये नसतेच, ती बँकेकडे नाहीतर यूपीआयच्या यंत्रणेत नोंदलेली असते. तिला मँडेट म्हणतात, आणि तिच्या जोरावर आपोआप होणाऱ्या वसुलीला ऑटोपे. ज्योतिषाचं ॲप, छोट्या सिरीयलींचं ॲप, मुलांच्या अभ्यासाचं ॲप, कुठेही "फक्त १ रुपयात ७ दिवस ट्रायल" असं दिसलं आणि तुम्ही यूपीआय पिन टाकलात, तर तो पिन त्या एका रुपयापुरता नव्हता, पुढच्या प्रत्येक महिन्याच्या वसुलीला तिथेच होकार दिला गेलाय. ट्रायल संपली की १९९ किंवा ४९९ रुपये आपोआप जातात आणि तेव्हा पिन कुणी विचारत नाही, १५,००० रुपयांपर्यंतच्या ऑटोपेला दर वेळी पिन किंवा ओटीपी लागत नाही असा नियमच आहे.

मला याची चीड येते ती घरातल्या मोठ्या माणसांसाठी. पेन्शनच्या खात्यातून महिन्याला दोनतीनशे रुपये जात राहतात, पासबुक भरून आणलं तरी त्या ओळीचा अर्थ लागत नाही, आणि विचारायला संकोच वाटतो. म्हणून स्वतःचं झालं की आईवडिलांचा, सासूसासऱ्यांचा फोनही घेऊन बसा, त्यांना न रागावता.

पहिलं काम म्हणजे कोण कापतंय ते शोधणं. बँकेच्या ॲपमधून मागच्या चारसहा महिन्यांचं स्टेटमेंट काढा, वर्षाचं काढलं तर अजून बरं कारण काही सबस्क्रिप्शन वर्षातून एकदाच कापतात आणि तीच रक्कम मोठी असते. साधारण त्याच तारखेला तीच रक्कम परत परत दिसतेय का बघा. ओळीत यूपीआय मँडेट किंवा ऑटोपे लिहिलं असेल तर यूपीआयचं, एसीएच किंवा नॅच असेल तर खात्यावर थेट लावलेलं, आणि कार्डाच्या बिलात दिसत असेल तर कार्डावरचं मँडेट. हा फरक कळायलाच हवा कारण तिघांची बंद करायची जागा वेगळी आहे. नाव ओळखीचं नसलं तर लगेच फ्रॉड समजू नका, स्टेटमेंटवर बऱ्याचदा ॲपचं नाव नसून कंपनीचं किंवा पेमेंट गेटवेचं, म्हणजे कंपनीसाठी ऑनलाइन पैसे घेणाऱ्या मधल्या संस्थेचं नाव येतं, प्ले स्टोअरमधून घेतलेलं असेल तर गूगलचं नाव येतं. त्या तारखेचे ईमेल आणि मेसेज चाळले की बहुतेक वेळा पत्ता लागतो.

आता बंद करायचं ते दोन्हीकडून, हे कृपया लक्षात ठेवा. आधी सबस्क्रिप्शन कॅन्सल, मग मँडेट रद्द. नुसतं मँडेट काढलं तर काही सेवा तुमचं खातं "पैसे बाकी" असं दाखवत राहतात आणि फोन मेसेज चालू होतात, आणि नुसतं सबस्क्रिप्शन कॅन्सल केलं तर ती परवानगी तशीच पडून राहते.

अँड्रॉइडवर प्ले स्टोअर उघडा, वर उजवीकडे तुमच्या फोटोवर टॅप करा, पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्स, मग सबस्क्रिप्शन्स. चालू असलेली सगळी दिसतील, नको ते उघडून कॅन्सल करा. फोनमध्ये दोनतीन जीमेल असतील तर प्रत्येक आयडीवर जाऊन बघा, कारण ज्या आयडीवरून घेतलं तिथेच ते दिसतं, आणि "इथे तर काहीच नाही" म्हणून सोडून दिलेली बरीच प्रकरणं दुसऱ्या आयडीवर सापडतात. आयफोनवर सेटिंग्जमध्ये सगळ्यात वर तुमचं नाव, त्यात सबस्क्रिप्शन्स. ट्रायल असेल तर संपायच्या किमान एक दिवस आधी कॅन्सल करा, शेवटच्या तासावर ठेवू नका. भरलेल्या महिन्याची मुदत संपेपर्यंत सेवा सहसा चालूच राहते, त्यामुळे "महिना भरू दे मग बघू" म्हणून थांबायची गरज नाही.

या दोन्ही याद्यांत नसेल तर तुम्ही थेट त्या कंपनीच्या ॲपमध्ये किंवा साइटवर पैसे भरलेत. तिथे लॉगिन करून अकाउंट, बिलिंग, मेंबरशिप असं काहीतरी शोधा. इथे मुद्दाम छळ असतो. बटण बारीक आणि फिकट, मग "खरंच जाताय का", मग अर्ध्या किमतीची ऑफर, मग कारण विचारणार, आणि त्यात ठळक रंगाचं बटण असतं ते सबस्क्रिप्शन चालू ठेवायचं. शांतपणे प्रत्येक स्क्रीन वाचत शेवटपर्यंत जा आणि "कॅन्सल झालं" असा मेसेज किंवा ईमेल आल्याशिवाय बाहेर पडू नका. असं अडकवणं चुकीचं आहे हे फक्त माझं म्हणणं नाही, केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ३० नोव्हेंबर २०२३ ला डार्क पॅटर्नविरुद्ध, म्हणजे ग्राहकाला फसवून अडकवणाऱ्या स्क्रीनवरच्या युक्त्यांविरुद्ध मार्गदर्शक तत्त्वं काढली, त्यातल्या १३ प्रकारांत सबस्क्रिप्शन ट्रॅप नावानिशी आहे. रद्द करणं अशक्य किंवा उगाच लांबलचक करणं, रद्द करायचा पर्याय लपवणं, फुकट गोष्टीसाठी आधीच ऑटो डेबिटची परवानगी घ्यायला लावणं हे सगळं त्यात येतं. तक्रार लिहिताना हे शब्द वापरा, वजन पडतं.

आता यूपीआय. फोनपे, गूगल पे, पेटीएम, भीम, जे वापरता त्यात प्रोफाइलमध्ये किंवा पेमेंट सेटिंग्जमध्ये ऑटोपे नाहीतर मँडेट्स असा भाग असतो, पेटीएममध्ये ऑटोमॅटिक पेमेंट्स म्हणून शोधा. जेवढी यूपीआय ॲप आहेत तेवढी सगळी उघडून तपासा, एकात दिसलं नाही म्हणजे नाहीच असं धरू नका. प्रत्येक मँडेट उघडलं की कंपनीचं नाव, रक्कम, किती दिवसांनी कापणार आणि कधीपर्यंत चालणार हे दिसतं. शेवटची तारीख नक्की बघा, काही मँडेट पुढची कितीतरी वर्षं चालतील असे घेतलेले असतात. रक्कम सुद्धा नीट वाचा, काही ठिकाणी ठरलेली रक्कम असते आणि काही ठिकाणी "इथपर्यंत" अशी कमाल मर्यादा असते, म्हणजे आज १९९ कापणारा उद्या त्या मर्यादेच्या आत जास्तही कापू शकतो. रद्द करताना पिन मागतात तेव्हा बरेच जण घाबरून मागे फिरतात, पण तुम्ही स्वतः तुमच्याच ॲपमध्ये जाऊन मँडेट रद्द करत असाल आणि स्क्रीनवर कॅन्सल किंवा रिव्होक (म्हणजे परवानगी मागे घेणं) लिहिलं असेल तर पिन टाकायला हरकत नाही. पॉज नावाचं बटणही असतं, ते नको, पॉजची मुदत संपली की कापणं परत चालू.

कार्डावरचं असेल तर बँकेच्या ॲपमध्ये किंवा नेटबँकिंगमध्ये ई-मँडेट, स्टँडिंग इन्स्ट्रक्शन अशा नावाने शोधा. बऱ्याच बँकांचं हे काम एसआय हब नावाच्या पोर्टलवर चालतं, बँकेच्याच साइटवरून तिथे जायची लिंक मिळते. परदेशी कंपनी ओटीपीशिवाय कापत असेल तर कार्डाच्या सेटिंगमध्ये आंतरराष्ट्रीय व्यवहाराचा स्विच बंद करून टाका, तो चालू बंद करायची सोय देणं बँकांना २०२० पासून बंधनकारक आहे. क्रेडिट कार्डाचं बिल मात्र रागाने थकवू नका, वादातल्या रकमेची लेखी तक्रार करा आणि बाकीचं वेळेत भरा.

नॅच म्हणजे खात्यावर थेट लावलेलं मँडेट, हे नेटबँकिंगमधून किंवा शाखेत अर्ज देऊन रद्द होतं, अर्जात यूएमआरएन नंबर लिहा, तो तुमच्या मँडेटचा ओळख क्रमांक. खातं रिकामं ठेवलं की आपोआप थांबेल असा सल्ला खूप जण देतात, तो ऐकू नका, प्रत्येक वेळी परत गेलेल्या नॅचवर बँक दंड लावते आणि वर जीएसटी. आणि कर्जाचा हप्ता, विम्याचा प्रीमियम यांना साफसफाईच्या नादात हात लावू नका. कर्जाचा हप्ता परत गेला तर क्रेडिट स्कोअर पडू शकतो, शिवाय पैसे नाहीत म्हणून इलेक्ट्रॉनिक हप्ता परत जाणं हा २००७ च्या पेमेंट अँड सेटलमेंट कायद्याच्या कलम २५ खाली चेक बाउन्ससारखाच गुन्हा ठरू शकतो.

मोबाइलच्या बॅलन्समधून कॉलर ट्यून, जोक, गेम असल्या नावाने पैसे जात असतील तर तो प्रकार वेगळा, त्यासाठी १५५२२३ वर फोन करा किंवा स्टॉप असा मेसेज पाठवा.

कापायच्या किमान २४ तास आधी बँकेने तुम्हाला कळवायचं असतं, कोण कापणार, किती, कधी हे सगळं त्या मेसेजमध्ये असलं पाहिजे आणि तिथून नको म्हणायची सोयही असली पाहिजे, हा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. (फास्टॅगचा आपोआप होणारा रिचार्ज याला अपवाद.) हे मेसेज जाहिरातींच्या ढिगाऱ्यात जातात, म्हणून बँकेचे मेसेज म्यूट करू नका, आणि तसा मेसेज दिसला की त्याच दिवशी रद्द करा, उद्यावर टाकलं तर पैसे गेलेले असतात.

प्रत्येक पायरीचा स्क्रीनशॉट ठेवा, तारीख वेळ दिसेल असा. कॅन्सल करूनही पुढच्या महिन्यात पैसे गेले तर हाच पुरावा कामाला येतो. तेव्हा आधी त्या कंपनीला ईमेल करा, फोनवर बोलत बसू नका, "अमुक तारखेला रद्द केलं, तरी अमुक तारखेला इतके कापले, परत करा" एवढंच आणि सोबत स्क्रीनशॉट. प्ले स्टोअरवरून गेले असतील तर ४८ तासांच्या आत रिफंड मागा, नंतर ते ॲपवाल्याकडे बोट दाखवतात. यूपीआयचं असेल तर त्याच व्यवहारावर टॅप करून मदत किंवा तक्रारीचा पर्याय निवडा. बँकेलाही लेखी कळवून तक्रार क्रमांक घ्या. ज्या व्यवहाराला तुम्ही परवानगीच दिलेली नाही तो तर तीन कामाच्या दिवसांच्या आत बँकेला कळवलाच पाहिजे, चूक बँकेची किंवा तुमची नसेल तर तेवढ्या वेळात कळवल्यावर तुमच्यावर भुर्दंड येत नाही, उशीर झाला की काही भार तुमच्यावर येऊ शकतो.

आणि हे अगदी कळकळीने सांगतो, रिफंडसाठी त्या कंपनीचा कस्टमर केअर नंबर गूगलवर शोधून फोन करू नका. तिथे चोरांनी आपले नंबर टाकून ठेवलेले असतात, दोनशे रुपये परत मिळवायला गेलेल्या माणसाला स्क्रीन शेअर करायचं ॲप टाकायला लावतात आणि अख्खं खातं साफ करतात. नंबर घ्यायचा तो ॲपच्या आतून किंवा बिलाच्या ईमेलमधून. असं काही झालंच तर एक मिनिट न घालवता १९३० ला, म्हणजे सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन.

कंपनी दाद देत नसेल तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन, १९१५, फोन फुकट आहे आणि मराठीत बोलता येतं, त्यामुळे आईबाबाही स्वतः तक्रार करू शकतात. बँकच टाळाटाळ करत असेल तर ३० दिवस वाट बघा, उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जा, सीएमएस डॉट आरबीआय डॉट ओआरजी डॉट इन या साइटवर, वकील लागत नाही, फी नाही. बँकेकडे केलेल्या तक्रारीचा क्रमांक आणि तारीख तिथे विचारतात, म्हणून बँकेच्या माणसाने "बघतो, होईल" असं तोंडी सांगितलं तरी क्रमांक हातात आल्याशिवाय काउंटर सोडू नका.