शब्दाने जग बदलणारी भाषा गोष्टीत आणताय? या चुका टाळा

ओळखीतली मंडळी फँटसी कथा लिहून वाचायला देतात आणि दर दुसऱ्या कथेत अशी एक गुप्त भाषा असतेच, जिच्यात बोललं की दगडाचं पाणी होतं. कल्पना भारी आहे, त्याबद्दल तक्रार नाही. पण चुका त्याच त्याच, म्हणून एकदाचं लिहून टाकतो.

पहिली म्हणजे शेवटी म् लावला की झाला मंत्र. 'अग्निम् प्रज्वलम् भवम्'. हे संस्कृतचं सोंग आहे, आणि गंमत म्हणजे संस्कृतवाल्यांनीच यावर इशारा देऊन ठेवलाय. इंद्राने विश्वरूपाला मारलं म्हणून त्याच्या बापाने, त्वष्ट्याने, सूड घ्यायला यज्ञात 'इंद्रशत्रुर्वर्धस्व' म्हणत आहुती टाकली. 'इंद्रशत्रु'मधला उदात्त, म्हणजे उंच स्वर, शेवटच्या अक्षरावर हवा होता, तर अर्थ 'इंद्राला मारणारा'. तो पडला पहिल्यावर, आणि अर्थ झाला 'इंद्र ज्याला मारणार तो'. यज्ञातून वृत्र नावाचा असुर जन्मला, वाढलाही आणि इंद्राच्याच हातून मेला. पतंजलीने महाभाष्याच्या, म्हणजे त्याच्या व्याकरणावरच्या ग्रंथाच्या, सुरुवातीलाच व्याकरण का शिकायचं हे सांगताना हा दाखला दिलाय. मला यात आवडतं ते हे की मंत्र फेल गेला नाही, जे बोललं गेलं तेच अगदी बरोब्बर झालं. तुमच्या कथेत मात्र उच्चार चुकला की नुसता धूर येतो. का?

आणि संस्कृत कशाला, मराठीत हे फुकट मिळतं की. 'जरा थांब' म्हणा. दंत्य ज ('जाड'मधला) असेल तर थोडं थांब, तालव्य ज ('जीव'मधला) असेल तर 'हे म्हातारपणा, थांब'. लिहिताना दोन्ही सेम टू सेम! एवढा मसाला घरात पडलेला असताना लोक 'झ्रक्षूण' असले शब्द बनवतात, जे लेखकालाच दुसऱ्यांदा म्हणता येत नाहीत.

आता माझी स्वतःची फजिती. माझ्या पहिल्या कथेत हिरो 'थांब' म्हणतो आणि पूर थांबतो. मी खूश. मित्राला वाचून दाखवली, त्याने ऐकून घेतलं आणि विचारलं, पान सातवर एसटी स्टँडवर हिरॉईन हिरोला 'थांब ना' म्हणते, तेव्हा एसटी का नाही थांबली? मग मी ठिगळं लावायला बसलो. शक्ती फक्त हिरोत. मग हिरो आईला 'थांब' म्हणतो त्याचं काय, तर शक्ती फक्त ताईत घातल्यावर. मग ताईत हरवतो त्या सीनचं काय, तर फक्त अमावास्येला... शेवटी कथा कमी आणि अटी-शर्ती जास्त, विमा पॉलिसीसारखी. दिवाळी अंकाकडून साभार परत आली, आणि योग्यच झालं.

उत्तर आजीकडे होतं. ती 'जाते' म्हणायची नाही, 'येते' म्हणायची. नारळ वाढवायचा, बांगडी वाढवली, दुकान वाढवलं. तांदळाचा डबा रिकामा झाला तरी 'संपले' म्हणायचं नाही. रात्री साप नाही, लांबडं. वाईट बोललं की 'वास्तू तथास्तु म्हणते' म्हणून दटावणार. आता बघा, काही होतं याचा पुरावा नसताना आमचं घर इतकं जपून बोलायचं, मग जिथे खरंच होतं तिथली माणसं कशी बोलतील? भांडतील कशी? 'मर मेल्या' म्हणायची सोय नाही. तिथे लहान मुलांच्या तोंडावर हात ठेवायला बाई लागेल. कथा तिथे आहे, ताइतात नाही.

बाकी किरकोळ: पहिल्याच पानावर शब्दकोश देऊ नका. यमक जुळलं की ताकद वाढते असं नसतं. मंत्र एआयकडून बनवून घेऊ नका, त्यातही शेवटी म् येतोच.

माझी सवय सांगतो, पद्धत वगैरे नाही. कथा झाली की फक्त संवाद वेगळे काढतो आणि प्रत्येक वाक्य शब्दशः खरं झालं तर काय होईल ते बाजूला पेन्सिलने लिहितो. दोन संध्याकाळी जातात. मागच्या वेळी एक पात्र सहज 'डोकं फिरलंय माझं' म्हणून गेलं होतं, ते वाक्य काढलं नाही, तिथूनच पुढची कथा नव्याने लिहिली.