बाळाचं नाव ठेवताना या चुका टाळा: अर्थ, मूळ आणि कागदावरची अक्षरं

बारसं जवळ आलं की घरातले सगळे मोबाइल एकाच कामाला लागतात. 'क'वरून मुलींची नावं, 'र'वरून मुलांची नावं, अर्थासहित. पाच मिनिटांत ढीगभर नावं समोर येतात आणि निम्म्यांचा अर्थ 'देवाची देणगी', 'विष्णूचा अंश' नाहीतर 'सूर्याचा पहिला किरण' असतो. सातारा-सांगलीकडंही हल्ली पाळण्यातली बरीच नावं अशा याद्यांमधून येतात. तो अर्थ न तपासता आत्यानं बाळाच्या कानात कुर्रर्र करून टाकणं, ही सगळ्यात मोठी चूक.

'आरव' घ्या. यादी सांगते, आरव म्हणजे शांत. संस्कृतात आरव म्हणजे आवाज, आरोळी, गलका. पाखरांचा कलरव आपण म्हणतोच, तोच हा 'रव'. शांत असाच अर्थ हवा असेल तर त्याच 'रव'पासून झालेलं 'नीरव' आहे. आरव नावात वाईट काही नाही. पोराच्या आवाजानं घर भरून जावं असं ज्यांना वाटतं त्यांनी ते आनंदानं ठेवावं, पण 'शांत' समजून नको.

'अनया'ची गोष्ट जास्त गुंत्याची आहे. संस्कृतात 'अनय' म्हणजे अन्याय, वाईट वागणूक. आपल्याकडच्या राधाकृष्णाच्या कथांत राधेच्या नवऱ्याचं नाव अनय. अरबीत 'इनाया' म्हणजे काळजी, जिव्हाळा. हिब्रूत 'अनाया' आहे, पण ते पुरुषाचं नाव. याद्यांमध्ये या सगळ्यांची खिचडी होते. तुम्हाला आवडलेला अर्थ 'जिव्हाळा' असेल तर नाव 'इनाया' ठेवा, एका स्वरानं अर्थ कुठल्या कुठं जातो.

'कियारा' इटालियन आहे. लॅटिनमधल्या 'क्लारुस'पासून आलेलं, अर्थ उजळ, स्वच्छ. इंग्रजीत पहिलं अक्षर 'के'ऐवजी 'सी' लिहिलं की तेच आयर्लंडमधलं नाव होतं. त्याचा उच्चार 'कीरा' आणि अर्थ काळी, काळ्या केसांची. 'मायरा' हे इंग्रजीत फुल्क ग्रेव्हिल या कवीनं आपल्या प्रेमकवितांसाठी वापरात आणलेलं नाव. राजस्थानात मात्र मायरा म्हणजे लग्नात मामाकडून येणारा आहेर. 'रेहान'ला काही याद्या सरळ विष्णूचं नाव ठरवतात. ते अरबी 'रैहान', म्हणजे सुवासिक झाड, तुळशीच्या कुळातलं. आपण ज्याचं बी सब्जा म्हणून भिजवतो ते. आणि 'रेयांश'? किरण या अर्थाचा 'रेय' संस्कृतात नाही, इंग्रजी 'रे'ला 'अंश' जोडलेला दिसतो. नाव गोड वाटलं तर जरूर ठेवा, फक्त पोराला ते वेदातलं आहे असं सांगू नका.

तपासायचं कसं? वा. शि. आपट्यांचा संस्कृत कोश आणि मोल्सवर्थचा मराठी कोश इंटरनेटवर फुकट बघता येतात. अरबी-फारसी वळणाच्या नावाला माधव पटवर्धनांचा फार्शी-मराठी कोश आहे. दोन ठिकाणी एकच अर्थ निघाला तर तो धरावा. नाव कुठल्या भाषेतलं हेच जी यादी सांगत नाही, ती बाजूला ठेवावी.

राशीच्या अक्षरानंही पुष्कळ नावं बिघडतात. हस्त नक्षत्राच्या चरणांची अक्षरं पू, ष, ण, ठ. 'ण' आणि 'ठ' आलं की आईबाप हवालदिल होतात आणि कुठूनतरी जुळवलेलं, अर्थ नसलेलं नाव उचलतात. आपल्या आज्या-पणज्यांची रीत सोपी होती: पत्रिकेत नावरस नाव वेगळं, हाक मारायचं नाव वेगळं. ती पाळली तर अक्षराची अडचणच राहत नाही.

आता ज्यावर मला जास्त बोलायचंय ते. जुनी नावं 'गावठी' म्हणून टाकताना त्यांचा अर्थ कुणी बघत नाही. आळंदीहून निघणाऱ्या माउलींच्या पालखी सोहळ्याला आजचं रूप दिलं ते हैबतबाबा आरफळकरांनी. आरफळ आपल्या साताऱ्याजवळचंच. हैबत हा शब्द अरबी, अर्थ धाक, दरारा. दौलतराव, हिंमतराव, फत्तेसिंग यांतले पहिले शब्द अरबी, गुलाबरावातला गुलाब फारसी. ही नावं पिढ्यान्पिढ्या इथल्या मातीत रुजली. म्हणून 'परभाषेतलं नाव नको' असं म्हणताना आधी आपल्याच घराची वंशावळ काढून बघावी.

जत, मिरजेकडं कन्नड मिसळतं. बसाप्पातला 'बसव' संस्कृत वृषभाचं कन्नड रूप, म्हणजे नंदी. निंगाप्पा म्हणजे लिंगाप्पा. 'अप्पा' वडिलांसाठी, 'अव्वा' आईसाठी, म्हणून गंगव्वा. इतका सरळ, मायेचा अर्थ यादीतल्या किती नावांत सापडेल?

दगडू, धोंडू, केरू यांचा अर्थ शब्दशः लावणं हीसुद्धा चूकच. आधीची मुलं दगावली की पुढच्याला दृष्ट लागू नये, मरणाची नजर त्याच्यावर पडू नये म्हणून मुद्दाम टाकाऊ नाव ठेवत. धोंडू, धोंडीराम ही नावं धोंड्याच्या महिन्यात जन्मलेल्यांचीही असतात. या नावांमागं मूल जगावं ही तळमळ आहे.

'नकुशी'चं तसं नाही. मुलगी झाली, नको होती, आता पुढचा मुलगा व्हावा म्हणून ते नाव. हजेरीला रोज 'नकोशी' म्हणून उभं राहायचं, हे त्या पोरींनी सोसलं. २०११ साली सातारा जिल्ह्यात जिल्हा परिषदेच्या पुढाकारानं अडीचशेहून जास्त नकुशींना नवी नावं मिळाली. कितीतरी जणींनी आपलं नाव स्वतः निवडलं. अर्थानं इतकं दुखवणारं नाव कुणाच्या माथी असेल तर ते बदलायला कुठलंही वय उशिराचं नाही.

शेवटी कागद. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते, नाव त्याच दिवशी द्यावं लागत नाही. ते १२ महिन्यांपर्यंत विनाशुल्क आणि त्यानंतर विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत नोंदवता येतं. म्हणून गडबडीत, दवाखान्याच्या कागदावर पहिलं सुचलेलं नाव लिहून देऊ नका. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्यांना शाळेपासून पासपोर्टपर्यंत जन्मतारखेचा पुरावा म्हणून हाच दाखला लागतो. १ मे २०२४ पासून जन्मलेल्यांचं नाव राज्य सरकारच्या कागदांवर बाळ, आई, वडील, आडनाव या क्रमानं येतं, तेव्हा आईच्या नावाची अक्षरंही आधीच पक्की करा.

खरी फसगत होते ती स्क्रीनवर. इंग्रजीत टाइप केलं की मराठी आपोआप उमटतं आणि 'शौर्य'चा 'शौर्या', 'अर्णव'चा 'अरनव' होतो. ज्ञानेश्वर, प्रज्ञा यांतला 'ज्ञ' आपण डी-एन-वाय लिहितो, हिंदीकडचे जी-वाय. एका कागदावर एक, दुसऱ्यावर दुसरं झालं की पुढं प्रत्येक फॉर्मला अडतं. घरूनच कागदावर दोन्ही लिप्यांत नाव लिहून न्या आणि प्रिंट काढण्याआधी स्क्रीनवर अक्षर न् अक्षर वाचून घ्या. ह्रस्व-दीर्घही बघा: शीला म्हणजे सुशील, शिला म्हणजे दगड.

चूक झालीच असेल तर क्रम असा ठेवा. आधी जन्मदाखला दुरुस्त करा, मग त्यावरून आधार, मग शाळेचं जनरल रजिस्टर. लेखनातली चूक अर्ज आणि पुराव्यांवर सुधारते. अख्खं नाव बदलायचं असेल तर राजपत्रात प्रसिद्ध करावं लागतं, ज्याला आपण गॅझेट करणं म्हणतो. आणि हे सगळं दहावीचा फॉर्म भरायच्या आधी उरका, कारण शाळा सोडल्याचा दाखला हातात पडला की त्यातलं नाव बदलून घेणं फार जिकिरीचं होतं.