त्रिकोण मोजायला गेले तेव्हा

एम.ए. मानसशास्त्राच्या शेवटच्या वर्षी माझ्या लघुशोधप्रबंधाचा विषय होता, घरातल्या आजारी वृद्धांची देखभाल कोण करतं आणि कशी करतं. तिसऱ्याच घरात मुलगा म्हणाला, "आईची बीपीची गोळी रोज वेळेवर होते." सुनेनेही तेच सांगितलं. अंथरुणावरच्या आजी म्हणाल्या, "देते की रोज." मी वहीत खूण केली: तीन जणांना विचारलं, तिघांचं एकमत, माहिती पक्की. निघताना औषधाचं नाव लिहून घ्यावं म्हणून डबा मागितला. पाकिटाला दुकानाचं बिल गुंडाळलेलं होतं. पंधरा गोळ्या, रोजची एक, आणून वीस दिवस झालेले. त्यात अजून पाच शिल्लक होत्या.

गोळी दिवसाआड दिली जात होती. मी तिथे काही बोलले नाही. पुढच्या भेटीत सुनेला एवढंच विचारलं, की औषधं आणायला कोण जातं आणि कधी जातं. तेव्हा हळूहळू कळलं, की पगार होईपर्यंत पाकीट पुरवायचं असतं. सरकारी आरोग्य केंद्रात रक्तदाबाच्या गोळ्या मोफत मिळतात, हे तिला कुणी सांगितलेलं नव्हतं. ते सांगितलं, आणि डॉक्टरांना विचारल्याशिवाय गोळी चुकवू नका हेही सांगितलं. प्रबंधाआधी ते गरजेचं होतं.

पण अभ्यासाच्या बाजूने माझी चूक कुठे झाली, ते समजायला मला पुष्कळ दिवस लागले. तोंडं तीन होती, पद्धत एकच होती: विचारायचं आणि ऐकायचं. समोर वही घेऊन बसलेल्या परक्या बाईला घरातलं चांगलंच सांगावं, असं तिघांनाही सारखंच वाटत होतं. तिन्ही तराजू एकाच बाजूला झुकलेले असतील, तर तिघांवर सारखं भरलेलं वजन खरं कसं धरायचं? एकच गोष्ट वेगवेगळ्या बाजूंनी तपासून पाहण्याला संशोधनात ट्रायअँग्युलेशन म्हणतात. ते म्हणजे तीन जणांना विचारणं, अशी समजूत घेऊन तुम्ही पहिल्या फील्डवर्कला निघाला असाल, तर ती इथेच सोडा.

हा शब्द मुळात जमीन मोजणाऱ्यांचा. ब्रिटिश सर्वेक्षक विल्यम लँबटन यांनी 1802 साली मद्रासजवळ सेंट थॉमस माउंटपाशी सुमारे साडेसात मैलांची पायारेषा, म्हणजे पहिल्या त्रिकोणाची बाजू, 57 दिवस खपून मोजली आणि तिथून त्रिकोणाला त्रिकोण जोडत भारताचं सर्वेक्षण पुढे सरकलं. या कामाच्या प्रवासातच 1823 मध्ये हिंगणघाटला त्यांचा मृत्यू झाला. एका बाजूची लांबी आणि तिच्या दोन टोकांवरचे कोन हाती असले, की तिसरा बिंदू कुठे आहे ते गणिताने काढता येतं. इतकं आपण शाळेतच शिकतो. तरीही हे सर्वेक्षक शक्य असेल तिथे तिसऱ्या बिंदूवर जाऊन तिथलाही कोन मोजत. गणिताला त्याची गरज नव्हती. तिन्ही कोनांची बेरीज 180 अंशांशी जुळते का, हे पाहायचं असे. आपली चूक किती, हे तिसऱ्या कोनाने समजे.

यातली एक गोष्ट मला अजून मोहात पाडते. त्रिकोण खूप मोठा असेल, तर कोन अगदी बिनचूक मोजूनही बेरीज 180 अंशांपेक्षा किंचित जास्त भरते, कारण पृथ्वी गोल आहे. म्हणजे न जुळणारं सगळंच चूक नसतं. त्यातलं काही जमिनीच्या आकारामुळेच आलेलं असतं.

आपल्या विषयात ही कल्पना आली ती 1959 साली डोनाल्ड कॅम्पबेल आणि डोनाल्ड फिस्क या मानसशास्त्रज्ञांच्या निबंधापासून. त्यात ट्रायअँग्युलेशनचे ते चार प्रसिद्ध प्रकार शोधू नका, ते नंतरचे. त्यांचा मुद्दा साधा होता: आपण जे मोजतो त्यात तो गुण असतोच, पण मोजायच्या पद्धतीचाही अंश मिसळलेला असतो. एकाच बैठकीत एकाच माणसाने चिंतेची आणि एकटेपणाची प्रश्नावली भरली, तर दोन्हींचे आकडे जुळण्यात त्या दिवसाचा मूड, "हो" म्हणायची सवय, कंटाळा हे सगळं असतं. म्हणून एकच गुण वेगवेगळ्या पद्धतींनी मोजून पाहायचा. पुढे 1966 मध्ये यूजीन वेब यांनी कॅम्पबेल आणि आणखी दोघांबरोबर लिहिलेल्या पुस्तकात माणसांना न विचारता मिळणाऱ्या पुराव्यांची चर्चा केली. शिकागोच्या एका विज्ञान संग्रहालयात, अंड्यातून पिल्लं बाहेर येताना दिसतात त्या दालनासमोरच्या फरशा दीड महिन्यात बदलाव्या लागत. इतर ठिकाणच्या फरशा वर्षानुवर्षं टिकत. लोक कुठे रेंगाळतात, हे फरशीच सांगत होती. पाकिटात उरलेल्या पाच गोळ्या माझ्यासाठी तशाच फरशा होत्या.

परीक्षेत विचारतात ते समाजशास्त्रज्ञ नॉर्मन डेन्झिन यांचे 1970 मधले चार प्रकार: माहितीचे स्रोत वेगळे, निरीक्षक वेगळे, सिद्धांत वेगळे आणि पद्धती वेगळ्या. ते पाठ करा, पण प्रबंधाच्या तिसऱ्या, म्हणजे पद्धतीच्या प्रकरणात "ट्रायअँग्युलेशन वापरलं" एवढंच लिहून मोकळे होऊ नका. कोणतं वापरलं, कोणत्या प्रश्नासाठी वापरलं आणि एका पद्धतीची कोणती उणीव दुसरीने भरून निघेल असं वाटलं, हे लिहा. ही तीन वाक्यं लिहिता येत नसतील, तर आराखडा अजून तयार झालेला नाही असं समजा.

आणि जुळलं नाही तर काय करायचं? नवीन मुलं इथे घाबरतात. मीही घाबरले होते. समाजशास्त्रज्ञ रिचर्ड लापियर यांचा 1934 मधला अभ्यास यासाठी जरूर वाचा. एका चिनी जोडप्याबरोबर त्यांनी अमेरिकेत प्रवास केला. अडीचशेच्या आसपास हॉटेलं आणि खानावळींपैकी फक्त एका ठिकाणी त्यांना नाकारलं. नंतर त्याच ठिकाणी पत्र पाठवून विचारलं, चिनी गिऱ्हाइकांना घ्याल का? उत्तर पाठवणाऱ्यांपैकी नव्वद टक्क्यांहून जास्त लोकांनी "नाही" लिहिलं. यातलं खरं कोणतं, हा प्रश्न चुकीचा आहे. कागदावर विचारल्यावरचं उत्तर आणि दारात नीटनेटकी माणसं, सोबत एक गोरा प्राध्यापक उभा असतानाची वागणूक, या दोन निरनिराळ्या गोष्टी आहेत. पत्राला उत्तर देणारा माणूस तोच होता का, हेही नक्की नव्हतं. म्हणून तफावत मिळाली की आधी विचारायचं, दोन्ही बाजूंनी आपण नेमकं काय मोजलं.

माझ्या अकरा कुटुंबांत अशा तफावती भरपूर होत्या. मुलगे म्हणत, "आम्ही सगळे मिळून करतो." सुनांना मी आठवडाभराची तासवार वही दिली होती. तिच्यात रात्री दोनला कूस बदलणं, चारला चादर बदलणं, सहाला चहा, असं एकाच हाताचं काम दिसे. मुलगे खोटं बोलत होते असं मला वाटत नाही. दवाखान्यात नेणं, पैशांची सोय करणं, नातेवाइकांना फोन करणं हे त्यांच्या लेखी "करणं" होतं. सुनेच्या लेखी "करणं" म्हणजे अंगावरचं काम. हाच माझ्या प्रबंधाचा सर्वांत चांगला भाग ठरला. दोघांच्या म्हणण्याची सरासरी काढून मोकळी झाले असते, तर तो हातचा गेला असता. तुम्हीही एक साधा तक्ता करा. उभ्या रकान्यांत स्रोत, आडव्या ओळींत प्रश्न, आणि जिथे जुळत नाही तो चौकोन रंगवा. विश्लेषण त्या रंगवलेल्या चौकोनांपासून सुरू करा.

कामाच्या काही गोष्टी पटकन सांगते. मुलाखती वेगवेगळ्या दिवशी, वेगवेगळ्या खोल्यांत घ्या. नवरा ओट्याशी उभा असताना बायकोने दिलेलं उत्तर हा वेगळा स्रोत होत नाही. एका कुटुंबामागे तीन मुलाखती म्हणजे टाइप करायचं काम तिप्पट, म्हणून सॅम्पल लहान ठेवा आणि गाईडना ते आधीच पटवून द्या. फील्डवरून आल्यावर त्याच रात्री टिपणं पूर्ण करा, दुसऱ्या दिवशी निम्मं विसरतं. आणि एम.ए. झाल्यावर लगेच स्वतःला क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट म्हणवून घेऊ नका. त्यासाठी भारतीय पुनर्वास परिषदेची मान्यता असलेला अभ्यासक्रम आणि नोंदणी लागते.

याच शब्दाचा दुसरा अर्थ कुटुंबोपचारातला. संशोधनातल्या अर्थाशी त्याचं नातं फक्त त्रिकोणापुरतं आहे, व्हायवात, म्हणजे तोंडी परीक्षेत, दोन्हींची गल्लत करू नका. मनोविकारतज्ज्ञ मरे बोवेन यांनी 1954 ते 1959 या काळात अमेरिकेतल्या राष्ट्रीय मानसिक आरोग्य संस्थेत स्किझोफ्रेनिया असलेल्या रुग्णांची कुटुंबंच्या कुटुंबं वॉर्डात ठेवून पाहिली. त्यांचं म्हणणं असं, की दोघांचं नातं शांत असेपर्यंत दोघांत राहतं. ताण वाढला की ते तिसऱ्याला ओढून घेतं, आणि त्या तिसऱ्यामुळे ताण विभागला जातो, पण सुटत नाही. कुटुंबोपचारतज्ज्ञ साल्व्हादोर मिनुचिन यांनी 1974 च्या पुस्तकात त्यातला एक कठोर प्रकार दाखवला: आई आणि वडील दोघंही मुलाला आपल्या बाजूने ओढतात, आणि मूल कुणाकडेही वळलं तरी दुसऱ्याचा घात केल्यासारखं होतं.

आपल्याकडे हे समजवायला पुस्तक लागत नाही. लेकी बोले सुने लागे. सासूला सुनेशी बोलायचं असतं, बोलते लेकीशी. जेवणाच्या पानावर "बाबांना सांग, भाजी हवी असेल तर घ्या" असं लहान मुलीला सांगणारी आई आणि "आईला सांग, नको" म्हणणारे बाबा आपण पाहिलेले असतात. मुलगी तीन फुटांच्या अंतरात निरोप पोचवत असते. आई आणि बायको यांच्यात अडकित्त्यातली सुपारी झालेला मुलगा तर घरोघरी सापडतो.

हल्ली मोबाइलवर "ट्रायअँग्युलेशन" हा आत्ममग्न, कपटी जोडीदाराचा डाव म्हणून सांगितला जातो. समुपदेशनासाठी येणारी मुलंमुली तो शब्द घेऊनच येतात. कुणी जाणूनबुजून तिसऱ्या माणसाचा वापर करून छळतं, हे खरं आहे, आणि तसं सांगणाऱ्याचं म्हणणं गांभीर्याने ऐकायला हवं. पण बोवेन यांच्या त्रिकोणात खलनायक असावाच लागत नाही. प्रेमाची, भली माणसंही ताणाखाली तसंच करतात. या फरकाचं भान नसेल, तर पहिल्याच बैठकीत आपण समोर नसलेल्या माणसाचं निदान करून बसू, म्हणजे आपणही एका बाजूला उभे राहू.

हे सगळं मला पाठ होतं. तरीही सातव्या घरी मी चुकले. तिथल्या सुनेने मला वही देताना सांगितलं होतं, की रात्री झोपच होत नाही, कधीकधी वाटतं माहेरी निघून जावं. संध्याकाळी मुलगा मला गाडीवरून एसटी स्टँडवर सोडायला आला. उतरताना म्हणाला, "मॅडम, ती काय म्हणाली? त्रास होतो म्हणते का?" त्याच्या आवाजात काळजी होती. मी म्हणाले, "जरा दमतात त्या. तुम्ही रात्री थोडं बघा ना." मला वाटलं, मी दोघांचंही भलं करते आहे.

पुढच्या भेटीत वहीची पानं कोरी होती. ती माझ्याकडे न बघता म्हणाली, "सगळं ठीक आहे ताई, लिहायला काही नाही." सासूबाई आतून म्हणाल्या, "बाहेरच्यांना सांगायला वेळ असतो." तिने मला एक गोष्ट विश्वासाने सांगितली होती, आणि ती माझ्या तोंडून फिरून तिच्यावरच परत आली. तीन कोन मोजता मोजता मी त्या घरातला चौथा कोन झाले होते, निरोप नेणारा. जेवणाच्या पानावरच्या त्या लहान मुलीसारखा, पण मला तिच्यासारखी नाइलाजाची सबब नव्हती.

मी तिची माफी मागितली. तिच्या वहीची भरलेली पानं तिला हवी होती, ती दिली. गाईड मॅडमना सगळं सांगितलं. त्यांनी ते कुटुंब वगळायला सांगितलं, पण लपवायला नाही. तिसऱ्या प्रकरणात आम्ही एक वाक्य घातलं: "एका कुटुंबाची माहिती संशोधकाकडून गोपनीयतेचा भंग झाल्यामुळे वगळली आहे." बारा कुटुंबांची अकरा झाली ती अशी.

व्हायवात बाहेरून आलेल्या परीक्षकांनी डेन्झिन यांच्याबद्दल एकच प्रश्न विचारला. बाकीचा सगळा वेळ त्या वाक्यावर गेला. चूक कळल्यावर पद्धतीत काय बदललंत, असं त्यांनी विचारलं. मी सांगितलं ते असं. संमतीपत्र घरासाठी एक न ठेवता प्रत्येकाचं वेगळं केलं. पहिल्या दिवशी सगळ्यांना एकत्र बसवून, सगळ्यांसमोर सांगू लागले, की एकाने सांगितलेलं मी दुसऱ्याला सांगणार नाही, विचारलं तरी नाही, चांगलं असलं तरी नाही. प्रबंध वाचून घरचाच माणूस दुसऱ्याला ओळखू शकतो, म्हणून एका घरातली तिघांची विधानं शेजारी शेजारी छापली नाहीत. घरी सोडायला येतो म्हणणाऱ्याला नकार देऊन एसटीची वेळ बघून निघू लागले.

"आणि कुणी विचारलंच, की ती काय म्हणाली?" परीक्षकांनी विचारलं.

नवव्या घरी एका मुलाने विचारलं होतं. मी म्हणाले होते, "ते तुम्ही त्यांनाच विचारा. त्या आतच आहेत."

परीक्षकांनी ते वाक्य त्यांच्या कागदावर उतरवून घेतलं आणि पुढचं पान उलटलं.