तुमच्या फँटसीतली बुरशी शेजारच्या काकूंसारखी बोलते का? मग हे वाचा

जमिनीखाली पसरलेलं, विचार करणारं बुरशीचं जाळं कथेत आणायचं असेल तर सगळ्यात आधी एकच गोष्ट ठरवा, त्याला एखादी गोष्ट कळायला किती वेळ लागतो. नाव, नकाशा, जादू सगळं नंतर. मी पहिल्यांदा लिहिलं तेव्हा हिरोने मातीवर हात ठेवला की लगेच त्याच्या डोक्यात आवाज यायचा, "ये बाळा, तुझीच वाट बघत होते." ताईने वाचलं आणि म्हणाली, अरे ही बुरशी आहे की शेजारच्या काकू? मी चार दिवस रुसलो, मग सगळं फाडून परत लिहायला घेतलं.

आता वेग कसा ठरवायचा, तर खऱ्या बुरशीकडे बघा. २०२२ मध्ये अँड्र्यू अ‍ॅडमॅट्झकी या संशोधकाने चार जातींच्या बुरशीतले विजेचे ठोके मोजले, त्यातला एकेक ठोका १ तासापासून पार २१ तासांपर्यंत चाललेला. याला भाषा म्हणायचं का यावर भांडणं आहेत, ती त्यांची त्यांना लखलाभ, आपल्याला हिशोब मिळाला ना. एका शब्दाला अर्धा दिवस धरला तर "पळा, सैन्य येतंय" एवढं सांगेपर्यंत सैन्य येऊन, जेवून, परत गेलेलं असेल.

मग माणसांनी तिच्याशी बोलायचं कसं? माझ्या कथेत ओलवण नावाचं खोरं आहे, तिथे या जाळ्याला थोरली म्हणतात. विहीर खणायच्या आधी गावचा पाणाड्या दोन ओंडके पुरतो, पूर्वेला आंब्याचा, पश्चिमेला जांभळाचा, वरून ओलं फडकं टाकतो आणि घरी जातो. महिन्याने येऊन बोटांनीच उकरायचं, खुरपं लावायचं नाही. ज्या ओंडक्याला पांढरे तंतू चिकटलेत ते उत्तर. दोन्हीला चिकटलेत तर प्रश्न चुकलाय. एकालाही नाही तर पाणाड्या कुणाला काही न बोलता माती परत लोटतो, आणि मला विचाराल तर कथेतली सगळ्यात भीतीदायक जागा तीच आहे.

आठवण पण अशीच अंगात ठेवा, डोक्यात नको, कारण डोकंच नाहीये. एका प्रयोगात लाकडाच्या ठोकळ्यावरची बुरशी बाजूच्या नव्या लाकडापर्यंत वाढू दिली, मग तो जुना ठोकळा तंतू खरवडून नव्या ट्रेमध्ये ठेवला, तर काही वेळा ती पुन्हा त्याच बाजूने जास्त वाढली जिकडे आधी खायला सापडलेलं. आता विचार करा, गावातून हाकललेली बाई माठात थोरलीचा तुकडा घेऊन निघते आणि परक्या मुलखात तो तुकडा अजूनही माहेरच्याच दिशेने तंतू सोडतोय. डायलॉगची गरजच काय!

आणि प्लीज तिला प्रेमळ आई करू नका. १९९७ मध्ये सुझान सिमार्ड या जंगल-संशोधिकेने मुळांना जोडलेल्या बुरशीतून झाडाझाडांत होणारी कार्बनची देवाणघेवाण दाखवली तेव्हापासून सगळ्यांच्या कथेत जंगल एकमेकांना जेवू घालत असतं, पण २०२३ मध्ये तिघा संशोधकांनी सगळे पुरावे तपासून सांगितलं की यातले बरेच दावे पुराव्याच्या पुढे धावलेत. उलट अमेरिकेत ओरेगॉनच्या जंगलात आर्मिलारिया नावाच्या बुरशीचं एकच जाळं जवळपास ९.६ चौरस किलोमीटर पसरलंय, वय किमान २,४०० वर्षं धरतात, आणि ती बया झाडांची मुळं खाऊन जगते. थोरली पाणी दाखवते पण दर विहिरीमागे एक झाड वाळतं, कुठलं ते तीच ठरवते.

शत्रू हवा असेल तर दुसरं जाळं आणा. लाकडात दोन वेगळ्या बुरशा समोरासमोर आल्या की मध्ये काळी रेघ पडते, ही खरी गोष्ट आहे, सुतारांना विचारा. म्हणजे तुमच्या राज्याची सरहद्द नकाशात नाही, फळीत दिसेल.

घाईचा प्रसंग असेलच तर वाळवी वापरा. पावसात आपल्याकडे वारुळावर अळंबी येते ना, ती वाळवीने आत पोसलेल्या बुरशीचीच. थोरलीला पाय नाहीत, पण वाळवीला आहेत.

(टोकियोच्या रेल्वेसारखं जाळं विणणारा तो पिवळा जीव बुरशी नाही, स्लाइम मोल्ड म्हणजे बुळबुळीत पसरणारा वेगळाच एकपेशी जीव आहे, तो घुसडलात तर कुणीतरी कमेंटमध्ये सोलून काढेल.)

राहिली भूछत्रं. ती म्हणजे नुसतं फळ, खरं अंग खाली, केसाहून बारीक तंतूंचं. त्यामुळे थोरली जमिनीवर येते ती वर्षानुवर्षांत एकदा, एका रात्रीत, अख्ख्या खोऱ्यात. ते क्लायमॅक्सला ठेवा, पहिल्याच चॅप्टरमध्ये छत्र्या उगवून मोकळे होऊ नका.